पिक्चरसाठी टाकलेला मुरूम

सरांनी नेमकं काय केलं, असं कुणी विचारलं की माझी पंचाईत होते. पिक्चर लिहायचे म्हणावं, तर त्यांचं नाव पिक्चरच्या सुरुवातीला येत नाही. अगदी शेवटी येतं, आणि तेव्हा लोक उठून चपला शोधत असतात. एका गावाचं भलं केलं म्हणावं, तर त्या भल्याला सगळ्यात जास्त विरोध त्यांनीच केला होता. तोही माझ्या डोळ्यांसमोर, जेसीबीच्या पुढं मांडी घालून.

आता ते हैदराबादेत लेकीकडं असतात. अधूनमधून फोन करतात, मध्येच कुठल्यातरी बाईच्या आवाजात बोलायला लागतात आणि मग ठेवून देतात. पिक्चर चालू आहे की तब्येत बिघडली, ते मला फोनवरून कळत नाही.

कन्नड मुलखातल्या भालकीत तहसील कचेरीसमोर माझं झेरॉक्स आणि टायपिंगचं दुकान आहे. मराठी आणि कन्नड दोन्ही टाइप करणारी बाई त्या ओळीत तेव्हा मी एकटीच, म्हणून सर माझ्याकडे आले. औरादच्या डाळीच्या व्यापाऱ्यांच्या घरातले. तरुणपणी मुंबईला पळून गेले, तिथं कुणाकुणाच्या हाताखाली संवाद लिहिले आणि केस पिकल्यावर परत आले. पण परत आले ते औरादला गेलेच नाहीत, भालकीत खोली घेतली. मी विचारलं, कामून? तर म्हणाले, "औरादेत मी शेटजींचा पोरगा हाय. हितं मी कोणीच न्हाई. कोणी नसलेल्या माणसासमोर लोक खरं बोलतेत."

"शरणु शरणार्थी, तंगी," असा इकडचा नमस्कार घालत आत यायचे. तंगी म्हणजे कन्नडात धाकटी बहीण. लिहिलेला कागद त्यांनी मला कधी दिला नाही. उभ्याने सांगायचे आणि सांगताना तो तो माणूस व्हायचे. सासू झाले की कमरेवर हात, सावकार झाले की माझ्याच टेबलावर बोटं आपटायची. कुत्रा भुंकला तर तेही टाइप करायचं. एकदा ते सासू होऊन सुनेला झापत होते आणि बाकड्यावर निर्णा गावचे एक म्हातारे आजोबा बसले होते, शेताची पहाणी, म्हणजे इकडचा सातबारा, काढायला आलेले. त्यांना वाटलं, हा माणूस टायपिंगवाल्या पोरीलाच झापतोय. ते काठी टेकत उठले आणि सरांच्या दंडाला धरून म्हणाले, "जाऊ द्या हो मालक, लेकरू हाय. चुकलं आसंल."

सर टाळी वाजवून ओरडले, "टाइप कर! जाऊ द्या हो मालक, लेकरू हाय!"

त्या आजोबांना त्यांनी पिक्चरमध्ये घातलं. म्हणजे आजोबांना नाही, तसल्या एका माणसाला. आजोबा मात्र पहाणी न घेताच निघून गेले. मी त्यांच्या मागं पळत जाऊन कागद दिला.

बाकड्यावर बसलेल्या कुणालाही ते एक पान द्यायचे आणि म्हणायचे, "जरा वाचा. तुमच्या तोंडात बसतंय का बघू." वाचणारा अडखळला की ते वाक्य गेलं. कितीही चांगलं असो. मला वाईट वाटायचं, कारण काही वाक्यं खरंच सुंदर होती. मी तसं म्हटलं की विचारायचे, "सुंदर हाय, हे कुणाचं म्हणणं?"

"माझं."

"तुझं न्हाई. शाळेतल्या पुस्तकाचं हाय. तुझं सांग."

मला माझं सापडायचं नाही. एकदा सोमवारी त्यांनी मला तासभर समजावलं की पिक्चर पाहून माणूस बदलतो, बदललाच पाहिजे, नाहीतर लिहायचं कशाला. मला पटलं. बुधवारी मी तेच त्यांना बोलून दाखवलं तर चिडले. "कोण म्हणालं? पिक्चर बघून माणूस फक्त घरी जातो." मी म्हटलं, तुम्हीच म्हणालात. "मी म्हणालो म्हणून तू मानतीस?" आता मी काय मानायचं होतं?

त्यांच्या भाषेचंही तसंच. आमच्या भागात एका वाक्यात तीन भाषा येतात आणि कुणाला त्याचं काही वाटत नाही. "अप्पा, ऊटा झालं का? नक्को म्हणून उठू नका," असं आम्ही बोलतो. ऊटा म्हणजे जेवण हे इथं मराठी घरातही कळतं. सर तसंच लिहायचे. मुंबईचे निर्माते फोनवर म्हणायचे, ही कुठली मराठी? मग ते पान बंगळूरला जायचं, तिथले म्हणायचे, यात कन्नड कुठं आहे? सर दोघांनाही एकच उत्तर द्यायचे: "बोलणाऱ्याला कळायलंय, ऐकणाऱ्याला कळायलंय. मधी तुमी कोण?" असं म्हटल्यावर काम कसं मिळणार? मिळायचं नाही. शेवटी पुण्याचा एक तरुण दिग्दर्शक आला. त्याला भाषेची अडचण वाटली नाही. त्याला ती कळतच नव्हती.

त्या पिक्चरची गोष्ट एका दिवसाची. पावसाळ्यात एका मजूर बाईचा बाप मरतो आणि त्याला माळावर पुरायला न्यायचं असतं. माळाकडं जाणारी सरळ वाट एका शेताच्या कडेने आहे, पण ती त्या बाईच्या वस्तीतल्या लोकांसाठी नाही. म्हणून प्रेत ओढ्यातून न्यायचं, कमरेएवढ्या पाण्यातून. बस, एवढीच गोष्ट.

सरांनी पिक्चरमध्ये गावाचं नाव घातलं नव्हतं, मीही घालत नाही. खटकचिंचोळीच्या अलीकडचं एक गाव, इतकं पुरे. पण शेत कुणाचं ते सगळ्यांना माहीत होतं. सरांच्या थोरल्या बहिणीच्या नवऱ्याचं, म्हणजे दाजींचं. एकदा पंचमीच्या सुमारास सर त्या बहिणीला, अक्कांना, माहेरी आणायला गेले होते. दाजींच्या बांधावर बसून कणीस खात होते आणि समोर ओढ्यातून चार माणसं डोक्यावर तिरडी धरून चालली होती. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं. "दाजीला इचारलं, हे लोक वरून कामून जात न्हाईत? दाजी म्हणाला, मी कुठं आडवलंय? आणि खरंच तंगी, त्यानं आडवलं नव्हतं. वाट दिली बी नव्हती, आडवलं बी नव्हतं. मला काय बोलावं कळंना. हातातलं कणीस टाकावं का खावं तेबी कळंना."

"मग?"

"खाल्लं."

दाजींना मी नंतर भेटले. वाईट माणूस नाही. आल्यागेल्याला ताक दिल्याशिवाय सोडत नाही. त्यांचं म्हणणं सरळ होतं. "आज वाट दिली की उद्या वहिवाट. वहिवाट झाली की हक्क. मग माझ्या पोरानं शेत इकायचं काढलं तर घेणारा काय म्हणंल?" हे ऐकताना मला त्यांचंही पटलं. सरांना सांगितलं तर म्हणाले, "पटायलाच पायजे. न पटणारं म्हणणं मी लिवतच न्हाई." आणि दाजींचं ते वाक्य जसंच्या तसं पिक्चरमध्ये आहे.

गंमत म्हणा, नाहीतर काय म्हणायचं ते म्हणा, दिग्दर्शकाला शूटिंगसाठी नेमकं तेच शेत आवडलं. सरांनी दुसऱ्या चार जागा दाखवल्या. त्याला ओढ्यावर पडणारा तिथलाच उजेड हवा होता. दाजींनी परवानगी दिली. मेहुण्याचा पिक्चर आहे, गावात पाहुणे येतील, त्यांना बरंच वाटलं. गोष्ट काय आहे, हे त्यांनी विचारलं नाही. सरांनी सांगितलं नाही.

शूटिंगला सर मला लॅपटॉप आणि प्रिंटरसकट सोबत घेऊन गेले, कारण वाक्यं बदलत राहणार होती. तिरडीमागं चालायला खऱ्या वस्तीतलीच माणसं घेतली होती. त्यांच्यात शेवंताबाई होत्या. पन्नाशीच्या, दाजींच्या शेतातसुद्धा खुरपायला जाणाऱ्या. पहिल्या दिवशी सकाळी जेसीबी आला आणि बांधालगतची पडीक पट्टी सपाट करायला लागला. मागं मुरमाचा टिपर उभा. ओढ्यातल्या तिरडीच्या बरोबरीने कॅमेरा पुढं जायला हवा होता, त्यासाठी रूळ टाकायचे होते. चिखलात रूळ बसत नाहीत, म्हणून मुरूम.

सर चालत गेले आणि जेसीबीच्या पुढं मांडी घालून बसले.

"सर, उठा ना," दिग्दर्शक म्हणाला. मुलगा अतिशय नम्र होता. "ट्रॅक टाकायचाय."

"हितं वाट केलास तर माझा पिक्चर कशावर?"

"ती फ्रेममध्ये येणारच नाही सर. कॅमेराच तिच्यावर असणार."

"फ्रेमीत न्हाई येणार. पण हितं तर ऱ्हाईल की! वाट न्हाई म्हणून माणसं पाण्यात उतरायलेत, आन् बाजूला मुरमाची सडक? हे खोटं हाय."

"काम झालं की उचलून टाकू. दाजींशी तसंच ठरलंय."

वस्तीतली माणसं बाजूला उभी राहून ऐकत होती. शेवंताबाई पुढं आल्या.

"सर, एक इचारू? तुमी कुनाकडून बोलायलात? आमच्याकडून का दाजीकडून?"

"तुमच्याकडून, बाई."

"मग वाट कामून आडवायलात?"

दुकानात सासू, सावकार, कुत्रा सगळं होणारा माणूस. त्यांना स्वतःचं एक वाक्य मिळेना. जेसीबीवाला इंजिन चालू ठेवून विडी पेटवत होता. सर उठले, धोतर झटकलं आणि लांब लिंबाखाली जाऊन बसले. त्या दिवशी एकही वाक्य बदललं नाही. प्रिंटर तसाच राहिला.

मग शूटिंग सुरू झालं. चार माणसं खोट्या प्रेताची तिरडी घेऊन ओढ्यात उतरायची, मागून वस्तीतले लोक, शेवंताबाई रडत रडत. त्यांना रडायला कुणी शिकवलं नव्हतं. शॉट पुरा झाला की "परत" अशी आरोळी यायची आणि मग सगळे तिरडी घेऊन मुरमावरून चालत मागं यायचे. पुन्हा पाण्यातून पुढं, पुन्हा मुरमावरून मागं. एक गडी मला म्हणाला, "परत यायला लई बरं हाय." मी लिंबाकडं बघितलं. सरांनी पाठ फिरवली होती.

काम संपताच युनिट घाईघाईने निघून गेलं. नटाच्या तारखा होत्या म्हणे. मुरूम तसाच राहिला. दाजी दिग्दर्शकाला फोन करत राहिले, तो नम्रपणे पुढचा आठवडा सांगत राहिला. इकडं वस्तीतले लोक सरांना भेटायला दुकानात आले. वाट राहू द्यावी म्हणून दाजींना द्यायला अर्ज लिहून पाहिजे होता. लिहिणारा माणूस ओळखीचा, आणि दाजी त्याचे पाहुणे. यापेक्षा सोयीचं काय असणार?

सरांना अर्ज लिहिता आला नाही. खरं सांगते. मी टाइप करायला बसले, ते उभे राहिले, "आम्ही खाली सह्या करणारे" इतकं सांगितलं आणि थांबले. "तंगी, यात दाजीचं म्हणणं कुठं घालायचं?" मी म्हटलं, अर्जात समोरच्याचं म्हणणं घालत नसतात. "मग लिवायचं कसं? त्याच्या तोंडाला काहीच न्हाई?" लोक वाट बघून गेले. दुसऱ्या दिवशी पुन्हा आले, पुन्हा तेच. शेवटी शेजारच्या अर्जनविसाने त्यांना चहा प्यायच्या वेळात अर्ज लिहून दिला. मला सरांचा राग आला आणि कीवही आली, आणि यातलं जास्त काय होतं ते सांगता यायचं नाही.

तो अर्ज दाजींपर्यंत पोचायच्या आधीच शेवंताबाईंचे सासरे वारले. निरोप दुकानात आला तेव्हा सर बाकड्यावर बसलेले. मला म्हणाले, "चल." कशाला, ते सांगितलं नाही. मी दुकान नवऱ्यावर सोपवलं आणि गेले.

बारीक पाऊस होता. ओढा भरून चालला होता. तिरडी वस्तीतून निघाली आणि जिथून एक वाट ओढ्यात उतरते आणि दुसरी मुरमावर चढते, तिथं येऊन खांदेकरी आपोआप थांबले. दाजी बांधावर छत्री घेऊन उभे होते. मग दाजींनी सरांना विचारलं, "हे बी तुझ्या पिक्चरमधलं हाय का?"

"न्हाई दाजी. हे मी लिवलेलं न्हाई."

"मग सांग त्यांना, पिक्चर संपला म्हणून."

सर माझ्याकडं वळून बघायला लागले. जणू पुढचं वाक्य मी कुठंतरी टाइप करून ठेवलंय. तेवढ्यात अक्का आल्या. पावसात भिजत, डोक्यावर पदर घेऊन. भावाकडं बघितलं नाही, नवऱ्याकडंही नाही. सरळ मुरमावर चढल्या, एका कडेला झाल्या आणि तिरडीकडं बघून हात जोडले.

"पिक्चर संपला म्हणून माणसं मरायची थांबलेत व्हय?" त्या दाजींना म्हणाल्या.

दाजी छत्री मिटून गोठ्याकडं निघून गेले. तिरडी मुरमावरून माळाकडं गेली. सर शेवटपर्यंत जिथं उभे होते तिथंच उभे. परत येताना बसमध्ये मी विचारलं, "सर, दाजींनी वाट दिली असं धरायचं का?" म्हणाले, "मला काय ठाव? तो काही बोललाच न्हाई."

त्यानंतर दाजी त्याबद्दल कधीच काही बोलले नाहीत. मुरूम काढला नाही, कागदही करून दिला नाही. लोक जाऊ लागले. नुसतं प्रेत घेऊन नाही, माळावर शेरडं घेऊन, सरपण आणायला, पोरं खेळायला. सरांशी मात्र दाजींचं बोलणं बंद झालं. दिवाळीला अक्का एकट्याच भावाच्या खोलीवर ओवाळायला आल्या. ताटात एक करंजी जास्त होती, दाजींनी दिली का असं सरांनी विचारलं तर म्हणाल्या, "त्यांनी दिली न्हाई. मी घेताना ते बघत बसले व्हते."

पिक्चर लांबलांबच्या महोत्सवांत गेला. पेपरात दिग्दर्शकाचा फोटो आला, त्याच्या हातात कसलीशी बाहुली होती. सरांना आनंद झाला की नाही ते समजलं नाही. पण पिक्चरच्या शेवटी पडद्यावर अक्षरं येतात, 'आजही अशी कित्येक गावं वाटेची वाट पाहत आहेत', ते कळल्यावर त्यांनी दिग्दर्शकाला फोन लावून झापलं. "हे वाक्य माझ्या एका तरी माणसाच्या तोंडात बसतंय का सांग!" तो बिचारा म्हणाला, सर, प्रेक्षक उभे राहून टाळ्या वाजवतात. सरांनी फोन माझ्या हातात दिला आणि रस्त्यावर निघून गेले.

पुढच्या उन्हाळ्यात तो मुलगा पिक्चर घेऊन गावात आला, हे त्याचं मला आवडलं. समाजमंदिराच्या खिडक्यांना पोती लावून भर दुपारी अंधार केला आणि भिंतीवर चादर ताणली. वस्ती आली, गाव आलं, अक्का पुढं बसल्या. पिक्चर सुरू झाल्यावर दाजी आले आणि दारातच उभे राहिले. सर चादरीशेजारी स्टुलावर बसले होते, पिक्चरकडं पाठ आणि लोकांकडं तोंड करून.

सगळे गप्प बसून बघत होते. दाजींचं वहिवाटीचं वाक्य आलं तेव्हा काही माना दाराकडं वळल्या, पुन्हा सरळ झाल्या. मग तिरडी ओढ्यात उतरली. पाणी गुडघ्याला, मांडीला, कमरेला. पडद्यावर शेवंताबाई रडत होत्या आणि खाली बसलेल्या शेवंताबाई तोंडाला पदर लावून रडत होत्या. तेवढ्यात पुढं बसलेली त्यांची नात मोठ्याने म्हणाली, "आज्जे, पाण्यातून कामून न्यायलेत? वर वाट हाय की!"

आधी एक पोरगं हसलं. मग सगळी पोरं. मग बायका. "व्हय की, येडे हायत का?" असं कुणीतरी म्हटलं आणि सगळं समाजमंदिर हसायला लागलं. म्हातारी माणसं तेवढी हसत नव्हती. दिग्दर्शकाचा चेहरा पांढरा पडला. जगभर लोक ज्या जागी रडले, तिथं हे हसत होते.

सर उठून बाहेर गेले. मी मागं गेले. ते भिंतीला टेकून उभे होते, खांदे हलत होते. रडतायत की हसतायत मला कळेना.

"तंगी, पिक्चर पडला का चालला?"

"मला न्हाई कळलं, सर."

"मला बी न्हाई."

दाजी बाहेर आले. सरांपासून जरा लांब उभे राहिले, घसा खाकरला.

"माझी तूर लई बारकी दाखवलीस त्यात," ते म्हणाले. "तशी नव्हती."

"नव्हती," सर म्हणाले.

"जेवून जावा. दोघं बी."

पिक्चर संपला, लोक बाहेर पडायला लागले. शेवंताबाई डोळे पुसत सरळ आमच्याकडं आल्या.

"सर, आता फुडचा पिक्चर पाण्याच्या टाकीवर लिवा. टाकी लई लांब हाय आमच्यापून."

"बाई, मी लिवल्यानं टाकी येत नसती."

"न्हाई कशी? वाट आली की."

"वाट मी न्हाई आणली!" सर जवळजवळ ओरडलेच. "मी तर तिच्या आडवा बसलो व्हतो. तुमीच बघितलं."

"बघितलं की," शेवंताबाई म्हणाल्या. "म्हणूनच म्हणायले. टाकीला बी तसंच आडवं बसा."

दाजी हसले. दिवसभरात पहिल्यांदा. सर हसले नाहीत. ते शेवंताबाईंच्या तोंडाकडं बघत राहिले, त्या थट्टा करतायत का ते शोधत. त्या करत नव्हत्या. मग सर तिथंच पायरीवर बसले आणि हळू आवाजात विचारलं, "टाकी कुठं पायजे म्हणालात?"